नाव काय घालू?

मुंबईत तांबाकाट्यावर एका भांड्यांच्या दुकानाच्या पायरीशी नाव घालणारा म्हातारा बसतो. दुकान त्याचं नाही. त्याचं म्हणजे एक बुटकं स्टूल, मांडीवर गोणपाटाची घडी आणि वायरीला लटकलेलं पेनाएवढं यंत्र. भांडं गुडघ्यांत धरून डाव्या हाताने जरा जरा फिरवायचं, तसतशी उजव्या हातातली सुई टर्रर्र करत ठिपक्याठिपक्यांनी अक्षर ओढत जाते. नाव कागदावर लिहून नेलं तरी तो ते आधी मोठ्याने म्हणतो, गिऱ्हाइकाकडे बघतो, मान हलली की मगच सुई टेकवतो. उमटलेला ठिपका पुसता येत नाही.

भावाला मुलगी झाली होती. बारशाला द्यायला म्हणून मी एक वाटी आणि चमचा घेतला आणि वाटी त्याच्यापुढे धरली.

"नाव काय घालू?"

"अजून ठेवलेलं नाही. रविवारी बारसं आहे."

"मग रविवारनंतर या, बाई."

"पण द्यायचीय रविवारीच."

त्याने वाटी उलटसुलट करून पाहिली. "वरती 'चि.' घालतो. पुढे पाच अक्षरांची जागा सोडतो. खाली तुमचं काय ते. नंतर आणा, भरून देईन." म्हणजे पाचाहून जास्त अक्षरांचं नाव ठेवायचं नाही, अशी अट त्याने बोलता बोलता घालूनच टाकली. मी मान हलवली. वाटीवर 'चि.' उमटलं, मग मोकळं चकचकीत स्टील, आणि खाली 'आत्याकडून'.

आत्या ही एरवी वर्षभर बिनखात्याची मंत्री. बारशाच्या दिवशी तेवढं तिला खातं मिळतं. पाळण्याशी वाकायचं, बाळाच्या कानात कुर्रर्र करून नाव सांगायचं, आणि ते सांगत असताना मागच्या बायका पाठीत दणादण धपाटे घालणार ते हसत सोसायचे. नाव ठरवलेलं असतं आईबापांनी. आत्याचं काम टपाल पोचवण्याचं. मराठीत नाव ठेवतात आणि नावंही ठेवतात. फरक एका अनुस्वाराचा, आणि दोन्ही कामांत आत्या तरबेज असते असं सगळ्या भावजया मानतात.

परतताना मशीद स्टेशनच्या पुलावर वाटी पिशवीतून काढून पुन्हा पाहिली. या स्टेशनाचं बारसं कसं झालं हे मला फार उशिरा कळलं. इथून जवळच सॅम्युएल स्ट्रीटवर ज्यूंचं जुनं प्रार्थनामंदिर आहे, १७९६ मध्ये बांधलेलं. कोकणात तेलाचे घाणे चालवत राहिलेले, शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून शनवार तेली म्हटले गेलेले जे बेने इस्राएल, त्यांच्यातले सॅम्युएल दिवेकर कंपनीच्या फौजेत होते. त्यांनी ते बांधलं. ही मंडळी घरात मराठी बोलणारी. आपल्या प्रार्थनामंदिराला ती मशीदच म्हणत, आणि तेच स्टेशनाला चिकटलं असं सांगतात. आता लाखो माणसं रोज या स्टेशनात चढतात-उतरतात आणि कुणाला ज्यू आठवत नाहीत. दिवेकरांचं स्वतःचंही तसंच. घरच्या मराठीत ते सामाजी हसाजी दिवेकर. सॅम्युएलमधला 'साम' तेवढा राहिला, बाकीच्या जागी कोकणाने 'जी' लावला आणि मागे गावाचं 'कर'. गोव्यात जोझेचा जुझे झाला, मिगेलचा मिंगेल, सेबास्तियांवचा बस्त्यांव. ठेवणारे नाव ठेवून मोकळे होतात. पुढे ते रोज वापरणारी माणसं वेगळीच, आणि त्यांच्या जिभा आपापल्या सोयीने त्याचे कंगोरे झिजवत नेतात.

बारसं आता बाराव्या दिवशी होत नाही, हॉल मिळेल त्या रविवारी होतं. तोवर आमची भाची हॉस्पिटलच्या कागदांवर 'बेबी ऑफ' आणि पुढे आईचं नाव एवढीच होती. जन्माच्या दाखल्यातही नावाची ओळ कोरी. म्हणजे बिघडत काही नाही. आपल्याकडे जन्माची नोंद नावाशिवाय होते, बारा महिन्यांत नाव फुकट चढवता येतं आणि विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. ही १५ वर्षं वाचून मला आइसलँडमधली ती मुलगी आठवली. तिच्या आईने तिचं नाव ठेवलं 'ब्लाइर'. अर्थ झुळूक. पण तिथे मान्य नावांची सरकारी यादी असते, १९९१ पासून त्यासाठी एक समितीच आहे, आणि समितीच्या मते हा शब्द पुल्लिंगी असल्याने मुलीला चालणार नव्हता. मग सरकारी कागदांवर ती १५ वर्षं नुसती 'मुलगी' होती. शाळेत ब्लाइर, पासपोर्टवर मुलगी. शेवटी ३१ जानेवारी २०१३ रोजी रेक्याविकच्या कोर्टाने निकाल दिला की तिला झुळूक म्हणायला हरकत नाही. समितीतल्या माणसांची मला थोडी गंमत वाटते आणि थोडी आपुलकीही. शब्दाच्या लिंगावरून इतकं अडून बसणारे लोक आपल्याकडेही आहेत. त्यांच्या हाती फक्त कोर्टकचेरी नाही.

भावाकडे समिती नव्हती, ॲप होतं. त्यात नाव, रास, अक्षरांची संख्या आणि शेजारी अर्थाचा रकाना. महिनाभर रोज रात्री याद्या येत. अर्थाच्या रकान्यात निम्म्या मुली राजकन्या आणि उरलेल्या लक्ष्मी. मुलगे एकजात तेजस्वी नाहीतर विष्णू. एका यादीत मायरा होतं, त्यापुढे तीन निरनिराळ्या भाषांतले तीन अर्थ. हे नाव फल्क ग्रेव्हिल नावाच्या इंग्रज कवीने चारशेहून अधिक वर्षांपूर्वी आपल्या प्रेमकवितांतल्या बाईसाठी घडवलं असं मानतात. व्हनेसा तर जोनाथन स्विफ्टने आपल्या मैत्रिणीच्या आडनावाचा आणि नावाचा तुकडा जोडून केलं. असल्या नावांना अर्थ नसतो, नाद असतो, आणि तो एका माणसाच्या कानाला गोड लागलेला असतो. भावाला ते सांगितलं तर तो म्हणाला, "मग सचिनचा अर्थ काय बघून लोकांनी पोरांची नावं ठेवली?" बरोबर होतं. वांद्र्यातल्या एका मराठी कवी-प्राध्यापकाला सचिन देव बर्मन यांचं संगीत आवडायचं म्हणून १९७३ साली जन्मलेल्या धाकट्या मुलाचं नाव त्यांनी सचिन ठेवलं. पुढे त्या मुलावरून किती घरांत सचिन झाले! त्यांतल्या कुणाच्या पाळण्याशी बर्मनदांची चाल कुणाला आठवली असेल असं वाटत नाही.

मग एका रात्री भावजयीने गंमत म्हणून ॲपमध्ये सासऱ्यांचं नाव घातलं. "ताई, बाबांचं नावच नाही यात!"

आमच्या वडिलांचं नाव दगडू.

आमच्या गावच्या घरात एक पितळी फुलपात्र होतं. त्यावरची अक्षरं यंत्राची नव्हेत, छिन्नीने एकेक घाव घालून काढलेली. 'चि.' आणि पुढे देवाचं भारदस्त नाव. चिंचेने घासून घासून पहिलं अक्षर जवळजवळ गेलं होतं, बाकीची बोटांना लागत. माठाजवळ ते पालथं असायचं आणि आम्ही पोरं त्यानेच पाणी पीत असू. त्या नावाचं घरात कुणी नव्हतं, हे लक्षात यायला मला दहा-अकरा वर्षं लागली. आजी ज्वारी निवडत बसली होती. मी फुलपात्र तिच्यापुढे धरून विचारलं, "हे कोण?"

"तुझ्या बापाच्या आधीचा," आजी म्हणाली. "त्याच्या आधी आणिक एक होता. त्याचंही नाव चांगलं होतं." मग तिने सूप उचललं आणि जोराने पाखडायला लागली.

फुलपात्रावरचं नाव मी इथे लिहीत नाही. आजीच्या तोंडून ते मी कधी ऐकलं नाही, वडिलांच्याही नाही. दोन चांगली नावं गेल्यावर तिसऱ्याला दगडू म्हटलं, एवढीच हकीगत. त्यांच्या वयाच्या माणसांत धोंडू होते, केरबा होते, भिकाजी होते. विदर्भाकडे उकर्डा असतात. मूल जन्मल्या जन्मल्या केरावर, उकिरड्यावर ठेवायचं आणि टाकलेलं म्हणून उचलून आणायचं, शेजारणीला मूठभर धान्याला विकायचं आणि परत मागून घ्यायचं, मुलगा असला तर नाक टोचून नथ घालायची आणि नथू म्हणायचं. सटवाई सहाव्या रात्री कपाळावर लिहायला येते तेव्हा तिच्यासाठी कोरा कागद आणि लेखणी ठेवणाऱ्या बायकाच हे असलं नाटकही करत. देवीवर श्रद्धा आणि तिला फसवायची तयारी, दोन्ही एकाच घरात.

हे नाटक आमच्याच मुलखातलं असं मी बरीच वर्षं धरून चालले होते. मग कुठेतरी मंगोलियातली नावं वाचली. नेरगुइ, म्हणजे 'नाव नाही'. एनेबिश, 'हा नव्हे'. हुनबिश, 'माणूस नव्हे'. पाठीमागची मुलं गेली की पुढच्याला ही नावं. न्यायला आलेल्या भुताखेताने दारात विचारावं की हा कोण, आणि आईने आतून म्हणावं, हा नव्हे! चीनमधल्या खेड्यांत गोउशेंग असायचे: कुत्र्याने उष्टं टाकलेला. कुत्र्यालाही नको झाला तो यमाला कशाला हवा? नायजेरियातल्या योरुबा लोकांत जन्मून जन्मून पुन्हा जाणाऱ्या मुलाला आबिकू म्हणतात. त्यांची रीत मात्र निराळी. ते यमाला फसवत नाहीत, मुलाचीच मनधरणी करतात. मालोमो, 'पुन्हा जाऊ नकोस'. दुरोजाये, 'थांब, जगण्यातली मजा बघ'. बांजोको, 'माझ्यापाशी बस'. या शेवटच्या नावापाशी मी बराच वेळ थांबले होते. हाक मारली की दर वेळी विनवणी होत असणार. अंगणात खेळणाऱ्या पोराला जेवायला बोलवायचं तरी 'माझ्यापाशी बस'. पुढे म्हातारा झाल्यावरही त्याला गावभर सगळे तसंच म्हणत राहणार, आणि जिने प्रथम म्हटलं ती केव्हाच गेलेली.

आजीने दगडू म्हटलं त्यात अशी विनवणी ऐकू येत नाही. तिथे चेहरा कोरा ठेवून सांगितलेलं खोटं आहे: नेण्यासारखं काही नाही इथे, दगड आहे. दगड मरत नाही हे मनातल्या मनात.

घानातल्या अकान लोकांच्या नामकरणात बाळाच्या जिभेवर थेंबभर पाणी लावतात आणि थेंबभर दारू. पाण्याला पाणी म्हण आणि दारूला दारू, खरं बोल, असं त्यातून सांगायचं असतं. नावाच्या बाबतीतही ते चोख. शुक्रवारी झालेला मुलगा कोफी, शनिवारी झालेला क्वामे. कोफी अन्नान ८ एप्रिल १९३८ चे, तो शुक्रवार. क्वामे एन्क्रुमांच्या बाप्तिस्म्याच्या वेळी पाद्र्याने जन्मतारीख घातली २१ सप्टेंबर १९०९, आणि तो निघतो मंगळवार. त्यांनी स्वतः आत्मचरित्रात सांगितलंय की आपल्या जन्माबद्दल खात्रीचं फार थोडं, पण वार शनिवार होता. पाद्र्याची तारीख चुकली, आईने धरलेला वार नाही. आपल्याकडच्या आदिवासी पाड्यांवरचे सोम्या, बुध्या, शुक्री यांच्याही जन्मतारखा शाळामास्तरांनी अंदाजाने १ जूनच्या घातलेल्या असतात. वार मात्र नावात जपलेला असतो.

खरं बोलणारी नावं आपल्याकडे आणखीही आहेत, आणि त्यांच्याविषयी लिहायला हात धजत नाही. नकुशा. तिसरी-चौथी मुलगी झाली की ठेवायचं नाव. ऑक्टोबर २०११ मध्ये साताऱ्यात २८५ मुलींची ही नावं समारंभाने बदलण्यात आली. काहींनी नवं नाव आपलं आपण निवडलं. कझाकस्तानात मुलीला उलबोलसिन म्हणतात, 'मुलगा होवो'. चिनी घरांत जाओदी, 'भावाला बोलावून आण'. वरवर बघता दगडू आणि नकुशा एका माळेचे मणी वाटतात, दोन्हींत नकारच आहे. पण दगडू म्हणणारी बाई खोटं बोलत होती. नकुशा म्हणणारं घर खरं बोलत होतं. कोणत्याही अर्थाच्या रकान्यात हा फरक मावत नाही.

दगडू या नावाचा सगळ्यांत जास्त जाच झाला तो माझ्या आईला. नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही, हे जुन्या बायकांचं ठीक. उखाण्यापुरतं घेतलं की सुटल्या. पण नवऱ्याचं नाव मुळात रस्त्यात पडलेला शब्द असेल तर काय करायचं? आईने आयुष्यात 'दगड' म्हटलेलं मी ऐकलेलं नाही. शेतातला तो धोंडा. चुलीचे ते थान. डोक्यात घालायचा झाला तर पाटा. शेजारीण म्हणायची, दगडापेक्षा वीट मऊ. तीच म्हण आईच्या तोंडी 'त्याच्यापेक्षा वीट मऊ' अशी यायची, आणि आम्ही दोघंही जेवता जेवता वडिलांकडे बघून हसायचो. तेही हसायचे. पुढे वाचलं की झुलू आणि खोसा बायकांत सासरच्या माणसांच्या नावांशी जुळणारे शब्दसुद्धा टाळायची रीत आहे, तिला ह्लोनिफा म्हणतात, आणि टाळता टाळता बायकांची एक वेगळी शब्दसंपत्तीच तयार झाली. आईला हे सांगितलं. ती म्हणाली, "मग त्यांच्यातही कुणी असेल की यांच्या नावाचा."

वडील जाऊन सहा वर्षं झाली. ते ७४ वर्षं जगले. आई अजून धोंडाच म्हणते.

रविवारी सकाळी ती एसटीने आली. पिशवीत घुगऱ्यांसाठी भिजवलेले हरभरे, आणि फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी जड. बाळाआधी पाळण्यात वरवंटा घालतात. त्याला न्हाऊ घालायचं, कुंची घालायची, आणि बाळासारखंच त्याला पाळण्याखालून वरून या बाईच्या हातून त्या बाईच्या हाती द्यायचं. भावाच्या फ्लॅटमध्ये मिक्सर आहे. खलबत्त्यातला बत्ता चालेल का, असं भावजयीने फोनवर विचारलं होतं, तर आईने गावाहून एसटी गाठून, वाटेत एकदा गाडी बदलून, हा घरचा आणला. काळा, मधोमध किंचित झिजलेला, एका टोकाला हळदीचा पिवळट डाग. "याच्यावर यांचं झालं," ती म्हणाली, "तुम्हा दोघांचं झालं." हॉलमधल्या फुलांनी मढवलेल्या भाड्याच्या पाळण्यात तिने तो ठेवला, तेव्हा दोऱ्या करकरल्या. फोटोग्राफर म्हणाला, "मावशी, तो जरा बाजूला घ्या, बाळाचा फोटो घेऊ." आईने ऐकलं न ऐकल्यासारखं केलं आणि एक झोका दिला.

मग वरवंटा निघाला आणि बाळ आलं. मी वाकले. कान इतका लहान असतो की त्यात नाव मावेल का असं क्षणभर वाटतं. मागून धपाटे सुरू झाले, मी कुर्रर्र केलं, ठरलेलं नाव सांगितलं, दोनदा. ती झोपेत होती. नाकपुड्या जरा हलल्या, बस्स.

बुधवारी ऑफिस सुटल्यावर पुन्हा तांबाकाटा. म्हाताऱ्याने वाटी ओळखली. मी नाव सांगितलं. त्याने ते मोठ्याने म्हटलं, एकदा माझ्याकडे बघून, एकदा वाटीकडे बघून. बाहेरच्या माणसाच्या तोंडून मी ते प्रथमच ऐकत होते, आणि ते माझ्या उच्चारापेक्षा थोडं वेगळं, थोडं आखूड निघालं. तीन अक्षरं. दोन अक्षरांची जागा तशीच राहणार होती.

"वेलांटी पहिली की दुसरी?"

मला सांगता येईना. कानात सांगताना वेलांटी कुठे लागते? मी भावाला फोन लावला. मागे कुकरची शिट्टी, पाणी पडल्याचा आवाज. "थांब," तो म्हणाला, "तिला विचारतो." फोन कानाला धरून मी उभी राहिले. म्हाताऱ्याने यंत्र चालू केलं होतं. सुई स्टीलपासून बोटभर वर, हवेत टर्रर्र करत होती.